दोन पिवळ्या बाजूंचा क्यूब

कुरुंद्यात फेब्रुवारी सरला की हळद घरात शिरते. शेतात शिजते, खळ्यावर वाळते आणि तिथून माणसांच्या पायांनी, हातांनी, पदरांनी आत येते. पुनम कळमनुरीकडच्या गावातून लग्न होऊन इथं आली तेव्हा पहिल्या हंगामात तिला सगळीकडे पिवळं दिसायचं. उशीची खोळ पिवळी, दुधाच्या पातेल्याची कड पिवळी, नवऱ्याच्या भुवया पिवळ्या. पुढच्या एकदोन हंगामांत ते दिसेनासं झालं. पिवळेपणा कमी झाला नव्हता, तिचे डोळे तेवढे इथले झाले होते.

माहेराहून तिनं आणलेल्या वस्तूंत एक रुबिकचा क्यूब होता. हिंगोलीत कॉलेजच्या होस्टेलवर असताना ती आणि तिची मैत्रीण दीक्षा, दोघींनी मिळून एकच क्यूब झिजवला होता. परीक्षेच्या दिवसांत पुस्तक मांडीवर आणि क्यूब हातात. पुढे दीक्षा नोकरीला पुण्याला गेली, पुनम सासरी आली. जुना क्यूब पुनमकडे राहिला, दीक्षानं नवा घेतला. क्यूब खेळणाऱ्यांचं एक ॲप आहे, त्यात दोघींची मिळून एक खोली होती. रविवारी दुपारी चारला दोघी त्या खोलीत यायच्या. आधी ॲप कॅमेऱ्यातून क्यूबच्या सहाही बाजू तपासून घ्यायचं, मग दोघींना एकसारखाच विस्कटायला सांगायचं आणि घड्याळ लावायचं. डाव संपला की कुणी कुठं वळसा जास्त घेतला, जवळची वाट कोणती होती, तेही दाखवायचं.

लग्नानंतर पुनमच्या पुष्कळ गोष्टी सुटल्या होत्या. कुणी सोडायला लावल्या नव्हत्या. वाचनालयाचं कार्ड, सायकल, दीक्षाशी रोजचं बोलणं, सगळं आपोआप मागं पडलं. रविवारची ही खोली तेवढी उरली होती. रात्री डोळे मिटले की अजूनही तिला रंगांचे थर फिरताना दिसत, आणि झोप लागायच्या आत ते आपापल्या जागी जाऊन बसत.

त्या रविवारी ॲप म्हणालं, ‘हा क्यूब शक्य नाही. पुन्हा दाखवा.’

तिनं पुन्हा दाखवला. पुन्हा तेच. चार वाजून गेले आणि खोली मिटली. खोलीचा नियम साधा होता: जोडी लागोपाठ दोन रविवार चुकली की खोली मोडते आणि रांगेतल्या दुसऱ्या जोडीला जाते. रांग लांब होती. हा रविवार तर गेलाच होता.

सोमवारी तिनं फोन बंद करून चालू केला. कॅमेऱ्याची काच पदरानं पुसली, तर चित्र आणखी धूसर झालं. ॲप काढून पुन्हा टाकलं. ॲपवाल्यांना लिहिलं तेव्हा उत्तर आलं, भरपूर उजेडात दाखवून पाहा. भरपूर उजेड खळ्यावर होता. ती क्यूब घेऊन तिथं गेली आणि वाळत घातलेल्या हळदीच्या मधोमध उकिडवी बसली. उन्हात हळकुंडांवरून वर येणारा उजेडही पिवळाच होता. ॲपनं तेच वाक्य दाखवलं.

“काय म्हणून राहिलं ते?” सासूनं विचारलं. चतुराबाई पायानं हळद पालथी करत होत्या.

“असा क्यूब असूच शकत न्हाई म्हणतंय, मामी.”

“हातात तर हाय की.”

“त्याला पटत न्हाई.”

“मंग त्याच्या तोंडी काहून लागतीस?” म्हणून चतुराबाई पुढच्या ओळीकडे वळल्या.

बुधवारी दुपारी दीक्षाचा फोन आला. ती जेवणाच्या सुट्टीत होती. “सहाही बाजूंचे फोटो टाक बरं. मी बघते.”

पुनमनं क्यूब जुळवून एकेक बाजू टाकली. मग दीक्षा म्हणाली, “पुनमे, पिवळी बाजू दोनदा टाकलीस.”

“न्हाई गं. सहा टाकल्या.”

“मग पांढरी कुठंय?”

“पहिलीच की.”

“पहिली पिवळी आहे.”

“पिवळी शेवटची. पहिली पांढरी.”

दीक्षा सावकाश, समजुतीच्या सुरात म्हणाली, “हे बघ, एक काम कर. कोरा कागद घे आणि पहिली बाजू त्याच्यापाशी धर.”

घरात कोरा कागद सापडायला वेळ लागला. शेवटी नवऱ्याच्या, बालाजीच्या खताच्या पावत्यांमागं एक सापडला. पुनमनं क्यूब त्याच्याजवळ धरला आणि उभी राहिली. तिची पांढरी बाजू पिवळी होती. थोडीथोडकी नाही, शिळ्या वरणासारखी. निळ्या-हिरव्यावर हळद दिसून येत नाही, पांढऱ्यावर ती लपत नाही, आणि तरी इतके दिवस ही बाजू तिच्यापुढं लपून राहिली होती. ती खेळत होती ती दोन पिवळ्यांनी. ताजी पिवळी ती पिवळी, फिकी पिवळी ती पांढरी. बोटांना त्यात कधी अडचण आली नव्हती.

“दिसलं का?” दीक्षानं विचारलं.

“दिसलं.”

“कधीपासून असं असेल गं?”

पुनमला सांगता आलं नाही. ते तिला विचित्र वाटलं. एखाद्या घरात आपण कधी शिरलो तेच आठवू नये, तसं.

बालाजीला कळलं तेव्हा तो पायरीवर बसून चहा पीत होता. “आमच्या घरी येऊन क्यूबलाबी हळद लागली म्हणायची,” तो म्हणाला. “आता नवरी पाहा त्याला.”

“तुमीच पाहा. तुमाला लई ओळखी.”

संध्याकाळी तिनं मोरीत बसून कपड्यांच्या साबणानं ती बाजू घासली. फेस गेला आणि खाली नऊच्या नऊ चौकोन लालसर झाले. हळदीला साबण लागला की ती लाल होते, हे त्या घरातल्या प्रत्येक बाईला ठाऊक होतं. पुनमलाही ठाऊक होतं. साडीवरचा डाग तिनं कधी साबणानं घासला नसता. पण प्लॅस्टिकचा क्यूब तिच्या लेखी साड्यांच्या जातीचा नव्हता, होस्टेलचा होता.

चतुराबाईंनी वाकून पाहिलं. “कुंकू केलंस की.”

“आता दोन लाल झाल्या, मामी.”

“पाण्यानं खळखळून टाक. लाली जाईल, पिवळं राहील. पिवळं उन्हाला दे.”

पुनमच्याही मनात तेच आलं होतं. डाग पडलेली धोतरं आणि टॉवेल ती स्वतःच दोरीवर उन्हाच्या बाजूनं फिरवून घालत असे. हळद धुण्याला जुमानत नाही, उन्हाला जुमानते.

अडचण एकच होती. नऊही पांढरे चौकोन वर यायचे तर क्यूब जुळवून ठेवायला हवा, आणि डाग उडेपर्यंत त्याला हात लावायचा नाही.

गुरुवारी सकाळी तिनं क्यूब खळ्याच्या कडेला पांढरी बाजू वर करून ठेवला. त्या दिवसापासून तिचे हात रिकामे राहिले. भाकरी तव्यावर असताना, कुकरची वाफ दबायची वाट पाहताना बोटं आपसूक हवेत फिरत. शुक्रवारी दुपारी ती उंबऱ्यावर बसली होती. खळ्यावर ऊन स्थिर होतं. दूर कुठंतरी हळद घासून पॉलिश करायचं पिंप गरगरत होतं, त्याचा आवाज येत-जात होता. वाळणाऱ्या हळदीच्या शेजारी तो छोटासा चौकोन पडला होता आणि त्याच्यातलं पिवळं कुठं जातं आहे, ते तिला कळत नव्हतं. डोळे मिटले तर रंगांचे थर फिरू लागले, पण पांढऱ्याच्या जागी पोकळीच राहिली. तिला वाटलं, आपण होस्टेलच्या गच्चीवर आहोत, दीक्षा खाली उभी राहून हाक मारते आहे, आणि कितीही पायऱ्या उतरलं तरी खालची पायरी येत नाही.

“अगं, लोटलं असतं त्याला,” बालाजीच्या आवाजानं ती जागी झाली. तो हळद ओढत कडेपर्यंत आला होता. “हळकुंडातच गेला असता. मग हिंगोलीच्या बाजारात सापडला असता तुझा नवरदेव.”

रविवारी दुपारी तिनं क्यूब उचलला. पांढरा तो बगळ्यासारखा झाला नव्हता, पण कागदाजवळ धरल्यावर कागदाचा भाऊ वाटत होता. मधल्या चौकोनाच्या कोपऱ्यात पिवळसर झाक उरली होती. तिनं हात दोनदा धुतले. पिवळे ते पिवळेच राहिले.

चारला काही मिनिटं होती. ती घरामागं सावलीत, हळदीपासून लांब, भिंतीकडे तोंड करून बसली. एकेक बाजू दाखवली. लाल, हिरवी, निळी, केशरी, पिवळी. शेवटची, पांढरी बाजू दाखवताना पिवळा अंगठा कडेला धरला. ॲप विचार करत राहिलं. तिनं क्यूब थोडा तिरपा केला. मग पडदा हिरवा झाला, खोली उघडली, आणि कोपऱ्यात दीक्षाचं नाव दिसलं. ती आधीच येऊन बसली होती.

दोघींनी क्यूब विस्कटले. पुनमनं अंगठा पडद्यावर दाबला, उचलला, घड्याळ निघालं.

सुरुवात पांढऱ्यापासून करायची, हे बोटांना माहीत होतं. पण बोटं शोधत होती ती फिकी पिवळी, आणि ती कुठंच नव्हती. पांढरा चौकोन समोर यायचा आणि तिच्या नजरेतून निसटायचा, ओळखीचं माणूस दाढी काढून आल्यावर निसटावं तसा. दीक्षाचा क्यूब जुळला तेव्हा पुनमचा निम्माही झाला नव्हता.

“काय झालं गं?” दीक्षानं लिहिलं. “झोपली होतीस का?”

“पांढरं शोधत होते.”

“होस्टेलात तर तू न बघता लावायचीस.”

“तवा पांढरंच होतं.”

“अजून एक?”

पुनमनं होकार टाकला. दुसराही डाव ती हरली, पण थोडक्यात. तिसऱ्याला पांढरं पहिल्या नजरेत सापडलं. तो कोण जिंकलं हे पाहायच्या आत चतुराबाईंनी हाक मारली, पोती भरायची होती.

उठताना तिनं क्यूबकडे पाहिलं. पांढऱ्या बाजूवर तिच्या अंगठ्याचा ठसा उमटला होता, पुसट, पिवळा.

पुढच्या गुरुवारी चतुराबाईंनी हळद पसरली तेव्हा खळ्याच्या कडेला वीतभर जागा मोकळी ठेवली.