नव्व्याण्णवाची गॅरंटी

बदलापुरात आमच्या सोसायटीत बाल्कन्यांना कबुतरांची जाळी लावायला नेहमी तोच माणूस येतो. वाक्य संपलं की तो दोन बोटांनी हवेतच गाठ मारतो. परवा तो आमच्या बाल्कनीत जाळी बांधत होता आणि आत टीव्हीवर चर्चा चालली होती, अणुबॉम्बवालं मिसाइल वरच्या वर अडवता येईल का? मी त्यालाच विचारलं.

"अडवतील ना," स्टुलावरून तो म्हणाला. "शंभर आली तर नव्व्याण्णव अडवतील. आपली पण गॅरंटी तेवढीच." गाठ.

"आणि शंभरावं?"

"एक शिरतंच, काका. मग मला फोन करायचा. येऊन काढतो, फ्री सर्व्हिस."

खाली उतरून त्याने जाळीच्या कोपऱ्यात आपल्या नंबराचा स्टिकर चिकटवला. मग टीव्हीकडे बघत राहिला.

"ह्यांनी नंबर कुठे दिलाय?"

या वाक्याला त्याने गाठ मारली नाही.