कटमामांचा ‘कावून’

माणूस जगात येतो कशासाठी, हा सनातन प्रश्न गेवराईत पहिल्यांदा गांभीर्याने विचारला तो कटमामांनी. त्याआधी इथे तो फार तर पंगत उठल्यावर आलेल्या पाहुण्यांना विचारला जाई.

मामा लग्नांची शूटिंग करत. समोरचा बोलताना लांबला, की दोन बोटांची कात्री करून म्हणत, “कट.” एका पुढाऱ्याच्या भाषणातही म्हणाले होते.

मी कॉलेजात मराठी शिकवायचो. माझ्याकडून नेलेली एक पातळ कादंबरी त्यांनी महिनाभर कॅमेऱ्याच्या बॅगेत बाळगली. तिचा नायक स्टँडवर बसून एकेक गाडी सोडतो आणि चाळीस पानं नुसता विचार करतो. मामांनी तिची शॉर्टफिल्म करायचं ठरवलं.

“चाळीस पानं विचार दाखवणार कसा?” मी विचारलं.

“इचार दिसत न्हाई, सर. गार झालेला च्या दिसतो.”

चाळीस पानं त्यांनी चहावरच्या सायीत बसवली. नायक मला केलं. “काहीच न करता बसायचा तुमाला लई अनुभव हाय.”

फिल्ममध्ये संवाद एकच. कंडक्टर विचारतो, “येताय का?” पुस्तकातला नायक म्हणतो, “कशासाठी?” मामांनी ते खोडून लिहिलं, “कावून?”

पुण्याच्या एका महोत्सवाने फिल्म निवडली. वीस वर्षं लोक मामांना “ओ शूटिंगवाले” म्हणत आले होते; पडद्यावर ‘दिग्दर्शक’ म्हणून नाव यावं, एवढंच त्यांना हवं होतं. मग महोत्सवाचा फोन आला. मी मामांच्या दुकानातच होतो; त्यांनी फोन स्पीकरवर टाकला.

“तेवढं ‘कावून’चं ‘कशासाठी’ करा. लोक हसतील. आशयाची खोली जाते.”

“हसू द्या की. ‘कशासाठी’ आमी अर्जात लिहितो. जीव कावला की तोंडातून ‘कावून’च निघतं.”

“मग निवडीचा फेरविचार करावा लागेल.”

“कट,” मामा म्हणाले आणि फोन ठेवला.

फिल्म पुण्यात लागली नाही. मामांनी ती पुढच्याच लग्नात, अक्षता आणि पंगतीच्या मध्ये, मोठ्या पडद्यावर लावली. पहिली पाटी आली: दिग्दर्शक, आणि खाली पूर्ण नाव.

“हे कोण बे?” वऱ्हाडातून एकजण म्हणाला.

“आपले कटमामा!”

“कावून?”ला सगळा मांडव हसला. मग पडद्यावरची गाडी निघून गेली, मी बसूनच राहिलो, आणि हसणं थांबलं. मामा कमरेवर हात ठेवून उभे होते. “पुण्याला कळवा, सर,” ते म्हणाले, “हसून झालं की लोक गप बी बसतेत.”

गेल्या वर्षी मामा गेले. तेराव्यानंतर मी स्टँडवर फिल्ममधल्या त्याच बाकावर बसलो होतो. बीडची गाडी लागली. कंडक्टरने दारातून विचारलं, “सर, येताय का?”

“कावून?” मी म्हणालो.

“कावून म्हंजे? यानंतर दोन तास गाडी न्हाई.”

बीडपर्यंत उभं राहून जावं लागलं.