अदृश्याचा वाटा

वर्सोव्याच्या मासळी बाजारात सगुणाशी घासाघीस करायला नवं गिऱ्हाईक धजत नाही. बोंबलांचा वाटा तिने लावला की लावला. "ताई, अजून दोन टाका ना," म्हटलं की कोयत्यावरची नजर न हलवता ती म्हणते, "टाकते. मग तुमच्याकडे जेवायलाच येते." अशी ही बाई. आणि हिनेच स्वतःच्या घरात एका खुळाला पाट मांडून बसवलं! आता ते तिला गिळवतही नाही नि थुंकवतही नाही.

खुळाचं बी तिच्या नवऱ्याचं, रामनाथचं. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, एकादशीला सव्वाआठ, हा हिशोब कोळीवाड्यातल्या पोराटोरांना ठाऊक असतो. पण एक दिवस किनाऱ्यावर हवा खायला मालाडचे अंबादास गुरुजी आले. जन्मभर क्लासमध्ये गणित शिकवलेला माणूस. रामनाथने जाळं विणता विणता फुशारकीने त्यांना हे सांगितलं आणि गुरुजींचे डोळे असे लकाकले की विचारू नका. पावसाळा संपायच्या आत मालाडच्या त्यांच्या फ्लॅटवर पाटी लागली, पाऊण मंडळ.

तत्त्वज्ञान काय, तर समुद्र पाऊणकीने चालतो, म्हणजे अख्खं विश्वच पाऊण आहे. तीन हिस्से माणसाचे, चौथा अदृश्याचा. जे पुरं केलं ते संपलं, जे अपुरं ठेवलं ते टिकलं. खूण म्हणून दारात तांदळाच्या पिठाचं वर्तुळ काढायचं, त्याचा पाव भाग कापलेला. रविवारी बँकवाले, इंजिनीअर मांडी घालून पाऊणकीचा पाढा म्हणायचे, आणि तोही शेवटपर्यंत न्यायचा नाही, मध्येच तोडायचा. बोला आता! रामनाथला मात्र 'आद्य साधक' म्हणून पहिल्या रांगेत बसवायचे. उभ्या आयुष्यात त्याला कुणी पहिल्या रांगेत बसवलं नव्हतं.

सगुणा पहिल्या दिवशी हसली होती. "पाव सोडायचं ना? मग आधी रोजची क्वार्टर सोडा." आणि काय नवल, त्याने सोडली! बायकोच्या शिव्यांनी, पोरीच्या रडण्याने जे झालं नाही ते गुरुजींच्या वर्तुळाने झालं. मग सगुणा कशाला बोलते? दारातलं वर्तुळ ती स्वतः काढायला लागली. रामनाथ ताटातली पाव भाकरी, पाव मासळी, पाव भात बाजूला काढून मागच्या दारी ठेवायचा. अदृश्य काही यायचं नाही, गल्लीतलं मांजर यायचं. खाऊन खाऊन उशीसारखं झालं. सगुणा म्हणायची, खाऊ दे मेल्याला, नवरा शुद्धीवर आहे हे काय थोडं?

मग रामनाथला खोकल्याने धरलं. टीबी निघाला. दवाखान्यातल्या सिस्टरने बजावलं, गोळ्या सहा महिने, बरं वाटलं तरी सोडायच्या नाहीत, आणि खाणं पोटभर. गोळ्या सगुणा रोज हातावर ठेवायची. हळूहळू त्याच्या अंगात रग आली, गालफडं भरली, पुन्हा जाळी खांद्यावर घेऊन तो किनाऱ्यावर जायला लागला. सगुणाने हिंगळाईला ओटी भरली.

आणि काही आठवड्यांनी खोकला परत आला. सगुणाला वाटलं, हवा बदलली असेल. एका दुपारी ती मागच्या दारी टोपली धुवायला गेली, तर मांजराने भाताचा गोळा चाटूनपुसून खाल्लेला, आणि मधोमध तांबड्या गोळ्या तशाच पडलेल्या. मांजराने त्यांना तोंड लावलं नव्हतं.

गोळ्या तळहातावर घेऊन ती आत आली. "हे काय?"

रामनाथ शांतपणे म्हणाला, "पाऊण कोर्स झाला माझा. उरलेला त्याचा. पुरं करील तो संपेल, सगुणा."

"अहो, डोकं फिरलंय का तुमचं? आजार सोडतो का पाव हिस्सा कुणाला?"

दंडाला धरून तिने त्याला दवाखान्यात नेलं. पण आजार आता जुन्या गोळ्यांना जुमानेना. नव्या गोळ्या आल्या, हॉस्पिटल झालं. शिमग्याला कोळीवाडा ढोलावर नाचत होता, तेव्हा रामनाथने तिथेच प्राण सोडला.

महिन्याने मंडळाने त्याचं पुण्यस्मरण ठेवलं. पोरगी भाविका म्हणाली, "आई, नको गं जाऊस, उगाच तमाशा होईल." सगुणा गेली. रामनाथच्या फोटोला हार, खाली पिठाचं वर्तुळ, आणि त्याच्या नावाने वाढलेलं केळीचं पान. अंबादास गुरुजी हात जोडून म्हणाले, "आद्य साधकाने स्वतःचं आयुष्यही अपुरं ठेवलं. याहून मोठी साधना नाही."

"औषध सोडायला तुम्ही सांगितलंत?"

"छे छे, वहिनी! मी फक्त नियम सांगतो. कुठे लावायचा ते ज्याचं त्याने ठरवायचं."

सगुणा पानासमोर बसली. पानाच्या कोपऱ्यात अदृश्याचा हिस्सा वेगळा काढलेला होता. तिने तोच आधी ओढून घेतला नि खायला लागली. मंडळींनी नुकताच धरलेला पाढा थांबला.

"वहिनी, तो भाग अदृश्याचा!"

"माझा नवरा झाला ना आता अदृश्य?" घास तोंडात धरून ती म्हणाली. "त्याचाच वाटा खाते. अर्धपोटी गेलाय तो."

सगळं पान तिने बोटांनी पुसून खाल्लं.

घरी आली तर मागच्या दारी मांजर वाट बघत बसलेलं, गुबगुबीत, चकचकीत. सगुणाने चप्पल उगारली. मांजर हललंसुद्धा नाही. या घरात त्याला कुणी कधी हाकललं नव्हतं. रामनाथच्या तोंडचं काढून तेच तर पोसलं होतं दोघांनी. तिचा हात खाली आला आणि ती उंबऱ्यावर बसून मोठ्याने रडली.