वरचे आजोबा परत मेले

दार उघडण्याआधी ते थांबायचे. कोटाची कॉलर सारखी करायचे, एक श्वास घ्यायचे आणि मगच आत यायचे. आमच्याकडे वाटीभर साखर मागायला आले तरी असंच. म्हणायचे, "एंट्री दाराबाहेर सुरू होते, हबीबी."

ग्लासगोतल्या आमच्या इमारतीत ते आमच्या वरच्याच मजल्यावर राहायचे. इजिप्तमध्ये उभी हयात त्यांनी सिनेमात आणि टीव्ही मालिकांत काढली, पण नायक कधीच झाले नाहीत. सावकार, कपटी काका, विधवेला घराबाहेर काढणारा दीर, अशा त्यांच्या भूमिका. बायको गेल्यावर मुलीच्या आग्रहाने स्कॉटलंडला आले. इथे कामं मिळाली, पण सगळी मरायची. कधी टॅक्सीवाला, कधी तस्कर, कधी नुसतंच प्रेत.

काम घरी आणणारे शेजारी तुम्हीही पाहिले असतील. हे मरण घरी आणायचे. दुपारी वर धप्प आवाज झाला की माझी बायको चहा गाळता गाळता म्हणायची, "अरे, वरचे आजोबा परत मेले."

पहिल्यांदा मी धावत वर गेलो होतो. ते गालिच्यावर आडवे होते. एक डोळा उघडून म्हणाले, "बरं झालं आलास. डावीकडे पडलो तर खरं वाटतं, की उजवीकडे?"

त्यांचा न्हावी कैरोचाच. एकदा मी बरोबर होतो. त्याने यांच्या गळ्यावर वस्तरा टेकवला आणि मलाही कळावं म्हणून इंग्रजीत विचारलं, "उस्ताद, त्या बिचारीला घराबाहेर का काढलंत?"

"लेखकाने सांगितलं म्हणून."

"कोणी सांगितलं की काढायचं? माझी आई जेवली नव्हती त्या दिवशी."

रस्त्यावर आल्यावर ते लहान मुलासारखे खूश. "एवढी वर्षं झाली, अजून रागावलाय!"

गेल्या वर्षी एकदा मात्र ते दाराबाहेर थांबलेच नाहीत. तडक आत आले. "यात मी मरत नाही!"

एका मालिकेत वृद्धाश्रमातल्या बापाची भूमिका होती. मुलगा भेटायला येतो आणि कोट न काढताच निघतो. बोलायला वाक्यं होती, शेवटपर्यंत जगायचं होतं. "हे नाही मिळालं तर बास," ते म्हणाले. "एडिनबराला मुलीकडे जाईन आणि पूर्णवेळ आजोबा होईन. त्यात पाठांतर नसतं."

हल्ली ऑडिशन घरीच फोनवर रेकॉर्ड करून पाठवतात. समोरच्या पात्राची वाक्यं कॅमेऱ्यामागून कोणीतरी वाचावी लागतात. मुलाची मी वाचली. "पुढच्या रविवारी नक्की थांबेन, बाबा." मी अगदी भरल्या गळ्याने म्हणालो.

त्यांनी हात वर केला. "अभिनय माझ्याकडे राहू दे. रविवारी जिन्यात उभा राहून वडिलांशी फोनवर बोलतोस ना, तसं बोल. आणि गाडीच्या किल्ल्या घे हातात. तेव्हा वाजवत असतोस."

माझे वडील सांगलीला एकटे असतात. मी बाहेर पडता पडता त्यांना फोन करतो, आणि दरवर्षी दिवाळीला येतो म्हणून सांगतो.

"तुम्हाला मराठी कळतं?" मी विचारलं.

"नाही. किल्ल्या कळतात."

मी किल्ल्या घेतल्या. वाक्य म्हणालो. त्यांची नजर माझ्या हाताकडे गेली, तिथे जरा रेंगाळली, मग वर आली. हसून म्हणाले, "ये, बाळा. मी इथेच आहे."

फोन बंद करून त्यांनी माझा खांदा थोपटला. "उत्तम! अगदी असाच हवा होता मुलगा." इतकी जड शाबासकी मला कोणी दिलेली नाही. त्या दिवाळीलाही मी गेलो नाही.

काम त्यांना मिळालं. शूटिंग पुरं झालं. मग हिवाळ्यात मुलीकडे गेले असताना झोपेतच ते गेले. धप्प नाही, काही नाही. न्हाव्याने दुकान बंद ठेवलं.

मालिका लागली तेव्हा वर नवे भाडेकरू आले होते. बायको आणि मी टीव्हीसमोर बसलो. मुलगा म्हणून एक उंच स्कॉटिश नट होता, दोन्ही हात कोटाच्या खिशात खोल घातलेले. निघताना तो म्हणाला, "पुढच्या रविवारी नक्की थांबेन."

म्हाताऱ्याची नजर खाली गेली. खिशापाशी जरा रेंगाळली, तिथे काही वाजत असल्यासारखी. मग वर आली.

"ये, बाळा. मी इथेच आहे."