एकाच नावाचा अर्ज

औराद तालुक्यातल्या एका गावात मी नऊ वर्षं शिक्षिका होते. आमचं घर भालकीकडचं, लिंगायत, किराणा दुकानाचं. घरात कानडी आणि दुकानात मराठी, अशी मी वाढले. गावात मराठी बोलायचे, पण सरकारी कागद कानडीत यायचे, नाहीतर इंग्रजीत. त्यामुळे गावातला कुठलाही कागद शेवटी माझ्याच हातात यायचा. जमिनीच्या पहाणीपासून पेन्शनपर्यंत सगळं मी वाचून दाखवायचे, आणि मी जे सांगेन ते लोक खरं धरायचे.

गावाच्या खालच्या अंगाला बौद्ध वस्ती होती. तिथं एका घरात नणंद-भावजय राहायच्या. नणंद विधवा होऊन लहान वयातच माहेरी परत आलेली. भावजय तिच्यापेक्षा दहाएक वर्षांनी लहान, एका मुलाची आई. गाव त्यांना थोरली आणि धाकटी म्हणायचं. दोघी दिवसभर शेतात मजुरी करायच्या, आणि लग्नसराईत गायच्या. हळदीची गाणी, पाळणे, लेक सासरी निघतानाची गाणी. गायची रीत अशी की धाकटी उंच आवाजात एक ओळ विचारल्यासारखी सोडायची आणि थोरली खालच्या, जाड आवाजात तिचं उत्तर द्यायची. त्याला त्या 'झेलणं' म्हणायच्या. लोकांना धाकटीचा आवाज आवडायचा, कारण तो लांबवर जायचा. पण गाणी सगळी थोरलीच्या पोटातली. काही तिला आईकडून आलेली, बरीचशी तिनंच भांगलताना जुळवलेली. धाकटी विसरली की थोरली न थांबता तिच्या कानाशी शब्द ठेवायची.

मी पहिल्यांदा त्यांच्या दारात बसले तेव्हा त्यांच्या घरचं पाणी प्यायले नव्हते. तहान नाही म्हणाले होते. दुसऱ्या वर्षी चहा घेऊ लागले, आणि आपण फार पुढारलेल्या आहोत असं मला वाटायला लागलं. संध्याकाळी शाळा सुटली की मी वही घेऊन जायचे आणि गाणी उतरवून घ्यायचे. थोरली सांगायची, मी लिहायचे. नऊ वर्षांत चार वह्या भरल्या. त्यातल्या बहुतेक ओळी मला तोंडपाठ झाल्या होत्या.

ऐंशी सालाच्या आसपासची गोष्ट. गुलबर्ग्याच्या एका सरकारी कचेरीतून शाळेत पाकीट आलं. दिल्लीत दरवर्षी संगीताचे राष्ट्रीय पुरस्कार देतात, त्यात लोकगीतं गाणाऱ्यांसाठीही जागा आहे, आपल्या भागातलं कुणी असेल तर नाव कळवा, असा मजकूर होता. हेडमास्तरांनी पाकीट माझ्यापुढे टाकलं. म्हणाले, "तुमच्या त्या दोघी हायत की. भरा."

पाकिटात दोन अर्ज होते. एक एकट्या कलाकाराचा, एक समूहाचा. समूहाच्या अर्जात दोन नावंही चालणार होती, तसं खाली स्पष्ट लिहिलेलं होतं. एकट्याच्या अर्जात शेवटी एक रकाना होता. कलाकाराला लिहिता-वाचता येत नसेल तर सोबत एका माणसाला नेता येईल, त्याचं नाव लिहा. समूहाच्या अर्जात तो रकाना नव्हता.

मी ते दोन कागद दोन दिवस टेबलाच्या खणात ठेवले. तोवर मी हैदराबादपलीकडे गेले नव्हते. दिल्ली शाळेच्या नकाशावर मुलांना दाखवायचे, एवढाच तिच्याशी संबंध. लग्नाची बोलणी चालू होती. एकदा लग्न झालं की आपल्याला कोण कुठं पाठवणार, हे दिसत होतं. तिसऱ्या दिवशी मी एकट्याचा अर्ज काढला, त्यात धाकटीचं नाव लिहिलं आणि शेवटच्या रकान्यात माझं.

अंगठा घ्यायला वस्तीत गेले. धाकटीनं विचारलं, "आन् अक्काचं नाव?"

"अर्ज एकाच नावाचा असतो," मी म्हणाले.

थोरली चुलीपाशी होती. तिथूनच म्हणाली, "हिचंच लिवा बाई. आवाज हिचा हाय. मी काय, मागनं वडायलीय."

तेव्हा मी बोलू शकले असते. कागद नुसता परत फिरवायचा होता. त्याऐवजी मी शाईचा पॅड उघडला.

पुरस्कार मिळेल असं मलाही वाटलं नव्हतं. कचेरीतून एक माणूस टेपरेकॉर्डर घेऊन आला, दोघींचं गाणं भरून घेऊन गेला. त्यानं थोरलीचं नाव विचारलं नाही. त्याच्या कागदावर एकच नाव होतं. सात-आठ महिन्यांनी पत्र आलं. गावात पेढे वाटले. थोरलीनं आपलं ठेवणीतलं हिरवं लुगडं धाकटीला दिलं आणि आठवडाभर पुरतील एवढ्या ज्वारीच्या कडक भाकरी आणि शेंगाची चटणी बांधून दिली. गुलबर्ग्याच्या स्टेशनापर्यंत ती आमच्याबरोबर आली. गाडी हलल्यावर धाकटी रडायला लागली. म्हणाली, "लगीन होऊन आल्यापासून तिला सोडून मी कुठं झोपले न्हाई."

दिल्लीत आमची सोय एका सरकारी अतिथिगृहात होती. थंडी अशी की धाकटी दोन लुगडी एकावर एक नेसून बसायची. जेवणाच्या खोलीत सगळे पुरस्कारवाले भेटत. दक्षिणेतल्या एक म्हाताऱ्या वीणावादक होत्या, त्यांच्या चपला शिष्या उचलून नेत. राजस्थानातला एक माणूस आपलं तंतुवाद्य गोधडीत गुंडाळून मांडीवर घेऊन जेवायचा. एक मोठे ख्यालगायक होते, ते आले की सगळे उभे राहत. धाकटीही उभी राहायची आणि मग मला विचारायची, "हे कोण हायत?" मला माहीत असायचं तेवढं सांगायचे. मी खूश होते. खरं सांगायचं तर त्या चार दिवसांत मी तिच्यापेक्षा जास्त खूश होते. मला सगळे 'मॅडम' म्हणत होते.

समारंभाच्या सकाळी सगळ्यांची तालीम घेतली. कुठून चढायचं, कुठं थांबायचं, ताम्रपट कोणत्या हातात घ्यायचा, शाल घालताना मान किती वाकवायची. धाकटी तीनदा चुकली, आणि संध्याकाळी एकदाही चुकली नाही. नाव पुकारलं तेव्हा ती सरळ चालत गेली, शाल घेतली, ताम्रपट घेतला, आणि पाहुण्यांना नमस्कार करून लेकीच्या लग्नात व्याह्यापुढून परतावं तशी चार पावलं मागं सरकून वळली. सभागृहात खूप टाळ्या पडल्या. माझेही डोळे भरून आले होते.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी सगळ्यांचं सादरीकरण होतं. धाकटीला दहा मिनिटं दिली होती. पडद्यामागं तिनं माझा हात धरला.

"बाई, तुमी झेला."

"मला गाता येत नाही, वहिनी."

"गाऊ नका. नुसतं म्हना. समदं येतंय तुमाला, वहीत हाय की."

मी म्हणाले, "बघू." आणि तिला खुर्चीवर बसवून मी सभागृहात चौथ्या रांगेत जाऊन बसले. तिथून मंच चांगला दिसत होता.

तिनं लेक सासरी निघतानाचं गाणं काढलं.

'लेक निघाली सासरी, शिवंपतुर कोण गं आलं?'

ओळ सोडली आणि ती थांबली. सवयीनं थांबली. डाव्या बाजूला मान किंचित वळवली, कारण थोरली कायम तिच्या डाव्या हाताला बसायची. तिथं कुणी नव्हतं. पुढची ओळ माझ्या जिभेवर होती. उठून चार पायऱ्या चढायला मला कितीसा वेळ लागला असता? पण माझ्या पुढच्या रांगेत ते ख्यालगायक बसले होते, शेजारी रेशमी साड्या नेसलेल्या बायका होत्या. माझा आवाज चिरका आहे. मी मांडीवरची पर्स घट्ट धरून बसून राहिले.

धाकटीनं समोर बघितलं. बहुतेक मला शोधत होती. मग तिनं गळा खाली उतरवला, थोरलीसारखा, आणि स्वतःच उत्तर दिलं.

'बाप थांबला येशीत, मायचं डोळं म्होरं गेलं.'

तसंच तिनं पूर्ण गाणं नेलं. विचारताना तिचा आवाज, झेलताना थोरलीचा. लोक उभे राहिले. ख्यालगायकांनी मान हलवून दाद दिली. एका गळ्यात दोन गळे, असं बाहेर लोक बोलत होते. एका हिंदी वर्तमानपत्राचा माणूस आमच्याकडे आला आणि त्यानं विचारलं, हा दोन आवाजांचा प्रकार कुठं शिकलात?

धाकटी म्हणाली, "खालचा आवाज माझ्या नणंदेचा हाय. ती घरी हाय. गाणी बी तिचीच हायत, त्यास्नी सांगा."

मी त्याला हिंदीत सांगितलं, "घरातल्या मोठ्यांकडून शिकल्या, म्हणताहेत." त्यानं तेवढंच लिहून घेतलं. खरं सांगितलं असतं तर त्याचा पुढचा प्रश्न काय असता, हे मला ठाऊक होतं.

परत आलो तर थोरली एस.टी.च्या थांब्यावर सकाळपासून बसलेली. धाकटीच्या खांद्यावरची शाल तिनं हातानं चाचपून बघितली. मग म्हणाली, "गाणं झालं का?"

"झालं."

"झेललं कोण?"

"मीच."

थोरली हसली. "येडी. आपलंच आपुन कुठं झेलतात व्हय? बाई व्हत्या की." आणि तिनं माझ्याकडे बघितलं. मी ट्रंक उतरवायला वळले.

शाळेच्या मैदानात सत्कार झाला. धाकटीला हार घातला आणि मलाही. हेडमास्तर म्हणाले, बाईंनी अर्ज भरला नसता तर गावाचं नाव दिल्लीला गेलं नसतं. थोरली बायकांच्यात खाली बसून टाळ्या वाजवत होती.

त्यानंतर जे झालं ते हळूहळू झालं, आणि कुणी वाईट वागलं म्हणून झालं नाही. बिदरहून, गुलबर्ग्याहून धाकटीला बोलावणी यायला लागली. पत्रावर एकच नाव असायचं. ती थोरलीला चल म्हणायची आणि थोरली म्हणायची, "बोलवणं तुला हाय. मी कामून येऊ मधीच?" गावातल्या लग्नांतसुद्धा आता धाकटीला खुर्ची आणि माईक मिळायचा. थोरली खाली बसायची, तिचा आवाज माईकपर्यंत पोचायचा नाही. दोन-तीन लग्नांनंतर ती यायचीच थांबली. धाकटीनं मग सुनेला झेलायला शिकवलं. सून चांगली गायची, पण शब्द विसरली तर धाकटीला ते सांगता यायचे नाहीत. विसरलेली ओळ तशीच गळून जायची.

तिसऱ्या वर्षी माझं लग्न झालं आणि बदलीचा हुकूम आला. जायच्या आदल्या दुपारी मी वस्तीत गेले. धाकटी बिदरला गेली होती. थोरली अंगणात तुरीच्या शेंगा बडवत होती. मी तिच्यासमोर बसले आणि सांगून टाकलं. दोन अर्ज होते, दोघींचंही नाव बसत होतं, मला दिल्लीला जायचं होतं म्हणून मी खोटं बोलले.

तिचा हात थांबला नाही. बडवता बडवताच म्हणाली, "मला ठावं व्हतं."

"कसं?"

"मास्तर एकदा बोलून गेले, दोन कागद आले व्हते म्हणून. तवा कळलं." तिनं शेंगा एका बाजूला सारल्या. "तरणी पोर व्हता तुमी. जावं वाटलं. पर आता कामून सांगायलाव? सांगून तुमी हलक्या झालाव. माझ्यापाशी काय ठिवून चाललाव ते बगा."

मी पाया पडायला वाकले तर तिनं पाय मागं घेतले.

"अजून एक ऐका," ती म्हणाली. "तिला सांगू नका. ती दिल्ली आठवून लई खूश राहती. तिचं ते नासवू नका."

तिच्या त्या चार वह्या मी तिला परत देऊ केल्या. तिनं एक हातात घेतली, पानं उलटली, आणि म्हणाली, "मला वाचता येत न्हाई," आणि परत दिली. दोन वर्षांनी ती गेल्याचं मला कळलं, तेही महिनाभरानं.

धाकटी मला शेवटची भालकीच्या बसस्टँडवर भेटली. केस पार पिकले होते. बरोबर शाळकरी नात होती. तिनं नातीला माझ्या पाया पडायला लावलं. "ह्या बाई मला दिल्लीला नेल्या," ती तिला सांगत होती. "तवा ह्यांनी एवढं केलं, न्हाईतर मला कोण वळखलं असतं?" मग माझ्याकडे वळून म्हणाली, "एकच वाटतंय बगा. तवा अर्जात दोन नावं चालली असती तर अक्का बी आली असती."

मी तिला म्हणाले, "हो वहिनी, आली असती." एवढंच बोलले. नात उसाचा रस हवा म्हणून तिचा पदर ओढत होती. आम्ही तिघी रसाच्या गाड्याकडे गेलो.