घाऱ्या डोळ्यांचा आपला माणूस

इंदूरच्या मल्हारगंजात नाटकातल्या दाढीमिशांचे केस विकणाऱ्या दुकानात उभी होते, तेव्हा मोबाइलवर आमच्या नाट्यमंडळाच्या ग्रुपचा मेसेज आला. ‘आपले साहेब गेले.’ बस, एवढंच. दुकानदार विचारत होता, ‘दीदी, भूरे दूँ कि काले?’ आणि माझ्या मनात सगळ्यात आधी काय आलं असेल, तर राग. अरे, त्या माणसाला नाव होतं. रघुनाथ लिमये. रेल्वेत क्लार्क, बडा गणपतीजवळ घर, आणि जन्मभर इंदूरच्या मराठी रंगमंचावर इंग्रज साहेबाच्या भूमिका. मेल्यावरही साहेबच... केस न घेता मी बाहेर आले आणि एका बंद दुकानाच्या ओट्यावर बसून चक्क रडले. आता काही आठवडे झालेत, राग अजून पुरता उतरलेला नाही, म्हणून लिहायला बसलेय.

मी मंडळात रंगभूषा करते. लिमयेजींच्या चेहऱ्यावरची रेघन् रेघ माझ्या बोटांना पाठ आहे. गोरापान रंग, घारे डोळे, ताडमाड उंची. एवढ्या भांडवलावर कुणीतरी त्यांना तरुणपणीच कलेक्टर केलं आणि मग सुटका म्हणून नाही. कधी न्यायाधीश, कधी कप्तान, कधी रेसिडेंट. लाल मिशा, हॅट, हातात छडी आणि ‘टुमी लोक लै डांबिस हाय’ छापाचं मोडकं मराठी. पब्लिक खूश. इंदूरजवळच्या हातोदला एकदा प्रयोगानंतर एक म्हातारी थेट आमच्या रंगपटात शिरली. साहेबाने नायकाला तुरुंगात घातलं होतं ना. लिमयेजींचा दंड धरून तिने माळवीत खडसावलं, ‘शरम नी आवे थने?’ लाज नाही वाटत तुला? लिमयेजींनी हॅट काढली, वाकले आणि म्हणाले, ‘गलती हो गई माँजी, कल छोड देंगे.’ म्हातारीचं समाधान झालं. जाताना त्यांच्या डोक्यावरून हात फिरवून गेली.

खरी गंमत तर वेगळीच. लिमयेजींनी उभ्या आयुष्यात इंग्रज पाहिलेला नव्हता. त्यांचा साहेब बेतलेला होता त्यांच्याच ऑफिसच्या हेडक्लार्कवर. हात मागे बांधून, समोरच्याच्या डोक्यावरून बघत बोलायचं, राग आला की नुसती एक भुवई वर. हे गुपित आम्हा दोघांतच होतं. पुढे ते हेडक्लार्क रिटायर झाले, नाटकाला आले, पहिल्या रांगेत बसले आणि नंतर आत येऊन म्हणाले, ‘लिमये, हुबेहूब. अगदी असेच उद्दाम होते हो हे लोक.’ लिमयेजी ‘जी सर’ म्हणाले आणि तोंड धुवायच्या निमित्ताने पळाले. मी पावडरच्या डब्यात तोंड घालून हसत राहिले.

मिशा चिकटवताना बोलायचं नाही, हा माझा कायदा. डिंक वाळेपर्यंत ओठ हलला की मिशी गेलीच. लिमयेजींनी तो कायदा इमानाने पाळला. मोडला फक्त एकदा. तोवर सत्तरी ओलांडली होती त्यांनी. आरशातल्या माझ्याकडे बघत म्हणाले, ‘ताई, एकदा आपला माणूस करायचाय. घरातला. नीट मराठीत बोलणारा. एवढी वर्षं स्टेजवर उभा आहे, पण आईने शिकवलेली भाषा तिथे एकदाही बोललो नाही.’ मिशी एका बाजूने लोंबायला लागली होती. एरवी मी खेकसले असते, पण त्या दिवशी नुसता पुन्हा डिंक लावला.

मंडळ तेव्हा एका निवृत्त शिक्षकाचं नाटक बसवणार होतं. मुलीने मनाविरुद्ध लग्न केलेलं, आणि ती खूप वर्षांनी घरी येते. मी आमचे सेक्रेटरी शिरीष भिया (इंदुरात भैयाचं भिया होतं) यांना म्हटलं, बापाचं काम लिमयेजींना द्या. ते म्हणाले, ‘ताई, क्या बात करते हो. ते नुसते आले तरी लोक हसतील. पूरा सीन खराब.’ मी म्हटलं, मग तुम्हीच रंगवा एकमेकांची तोंडं, मी चालले. मी नसले की मंडळातले राजे-राण्या भुतांसारखे दिसतात, हे सगळ्यांना ठाऊक होतं. लिमयेजींना काम मिळालं.

प्रयोगाच्या दिवशी मी त्यांना जवळजवळ काहीच लावलं नाही. थोडी पावडर, बस. पडदा उघडला, मुलगी खुर्चीत बसलेली, आणि लिमयेजी पिशवी घेऊन दारात आले. मागून कुणीतरी ओरडलं, ‘लो, साहब आ गए!’ आणि हॉल खदखदून हसला. विंगेत मी पडद्याची कड घट्ट धरली. लिमयेजी थांबले. हसणं त्यांनी ऐकून घेतलं. मग त्यांनी चपला काढल्या, पिशवी खुंटीला लावली, धोतराच्या सोग्याने मान पुसली... कसली म्हणून घाई नाही. हळूहळू हॉल गप्प झाला. मग मुलीकडे न बघताच त्यांनी विचारलं, ‘जेवलीस का?’

संहितेत एवढंच वाक्य होतं. पण एवढ्या वर्षांचं साचलेलं सगळं त्यात आलं. शेजारी उभे असलेले शिरीष भिया चष्मा पुसायला लागले. मी तर काही दिसायच्या पलीकडे गेले होते.

तो एकच प्रयोग झाला. पुढे त्यांच्या छातीत दुखायला लागलं आणि डॉक्टरांनी स्टेज बंद केलं. शोकसभेत फोटो लावला तो लाल मिशांचाच, आणि भाषणं झाली तीही साहेबावरच. मी दात-ओठ खात बसले होते. शेजारी कुमुदवहिनी, त्यांच्या पत्नी. माझ्या हातावर हात ठेवून त्या हलकेच म्हणाल्या, ‘ताई, त्या दिवशी नाटकाहून घरी आल्यावर मलाही तेच विचारलं बघा, जेवलीस का? मी म्हटलं, अहो, नाटक संपलं. तर म्हणतात, तेच कळलंय आज, घरीसुद्धा कधी विचारलं नव्हतं. मग रोज विचारायचे हो... शेवटच्या दिवसापर्यंत.’ आणि त्या इतक्या समाधानाने हसल्या की फोटोवरचा माझा राग त्या घडीपुरता तरी विरघळला.

मागच्या आठवड्यात मंडळात एक नवा मुलगा आला. नाशिकचा, इथल्या कंपनीत इंजिनिअर. उंच, गोरा, डोळे घारे. शिरीष भियांनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. मी म्हटलं, थांबा, एक अक्षर बोलू नका. त्याला रंगपटात घेऊन गेले, खुर्चीत बसवलं आणि विचारलं, ‘बाळा, कसलं काम करायला आवडेल तुला?’

तो जरा संकोचला. म्हणाला, ‘कसलंही द्या, ताई. फक्त इंग्रज साहेब नको. कॉलेजात दर वर्षी तोच केलाय.’

मी हसत सुटले, आणि हसता हसता कधी रडायला लागले ते कळलंच नाही. बिचारा घाबरला. आपलं काय चुकलं ते न कळून माझ्यासाठी पाणी आणायला धावला.