नानांच्या पायावरचं ऊन

गेल्या शनिवारी दुपारी घरातच एक गोष्ट बघितली... अजून डोक्यातून जात नाहीये.

स्वारगेटच्या मागे आमचा जुना, सिमेंटचा, बैठा बंगला आहे. माझे सासरे, नाना, एका आर्किटेक्टकडे ड्राफ्ट्समन होते. लग्नानंतर हे घर त्यांनी स्वतः कागदावर काढलं. हॉलची अख्खी पश्चिमेची भिंत म्हणजे सिमेंटची जाळी, आणि वर भला मोठा छज्जा. मे महिन्यातही साडेचारपर्यंत ऊन आत फिरकत नाही, वारा मात्र दिवसभर खेळतो.

खेळायचा, असं म्हणायला हवं. मी आयटीवाली, आता घरूनच काम करते. लॅपटॉपवर धूळ, कॉलमध्ये रिक्षांचे हॉर्न... शेवटी एप्रिलमध्ये जाळीला आतून प्लायवूडच्या शीट मारल्या आणि एसी बसवला. नाना एवढंच म्हणाले, "छान. आता बसा डब्यात."

पाचचा चहा आमच्याकडे नानाच करतात, सासूबाई होत्या तेव्हापासून. पण शीट लागल्या आणि चहा कधी तीनला, कधी साडेसहाला यायला लागला. एकदा तर तासाभरात दोनदा आला. मी आणि मंदार, माझा नवरा, नुसते एकमेकांकडे बघायचो. विसरण्याचा आजार तर नाही ना, म्हणून त्याने डॉक्टरांची वेळही घेतली. मला खरंच भीती वाटत होती.

शनिवारी मंदार बाहेर गेला होता, मी आत झोपले होते. जाग आली ती वाऱ्याने... एसी बंद होता, आणि घराला कितीतरी दिवसांनी बाहेरचा वास होता.

हॉलमध्ये आले तर नानांनी स्क्रू काढून एक शीट भिंतीला टेकवून ठेवलेली. फरशीवर जाळीची उन्हाची नक्षी पडली होती आणि अगदी सावकाश पुढे सरकत होती. नाना सासूबाईंच्या खुर्चीत अनवाणी बसले होते, डोळे मिटून. मला वाटलं, मी अजून झोपेतच आहे.

"अहो नाना, हे काय?"

"थांब जरा. अजून पोचलं नाही."

मीही खाली बसले. नक्षी त्यांच्या अंगठ्यावर चढली, तसे ते उठले. "पाच वाजले. चहा टाकतो."

मी मोबाईल बघितला. चार अठ्ठावन्न!

त्यांचा पाय होता तिथे फरशीवर नेलपॉलिशचा लाल ठिपका आहे. डाग समजून मी तो एकदा थिनरने अर्धा पुसलाही होता...

चहा करता करता त्यांनी सांगितलं. घर नवीन होतं, तेव्हा मे महिन्यात त्यांनी सासूबाईंपुढे बढाई मारली होती की पाचच्या आत ऊन तुझ्या खुर्चीला शिवणार नाही. शिवलं तर रोजचा चहा तुम्ही करायचा, असं सासूबाईंनी ठरवलं, आणि ऊन आलं तिथे ठिपका लावला. "दोन मिनिटांनी हरलो," नाना म्हणाले. बाकीच्या महिन्यांत ऊन ठिपक्याच्या किती मागेपुढे येतं, ते त्यांना पाठ आहे.

"पण भिंतीवर घड्याळ आहे की!"

"काटे दिसत नाहीत गं वर्षभर. मोतीबिंदू असेल. ऊन पायाला कळतं."

"मग सांगायचं ना आम्हाला!"

"सांगितलं असतं, तर गॅसजवळ उभं राहू दिलं असतंत?" कप माझ्या हातात देत म्हणाले, "घड्याळ बुजवलंत तुम्ही, आणि डॉक्टरकडे मी जायचं."

मला इतकी लाज वाटली.

रविवारी सगळ्या शीट काढल्या. डॉक्टरांची वेळ बदलून डोळ्यांच्या डॉक्टरांची घेतली. तो अर्धा पुसलेला ठिपकाही मी माझ्या नेलपॉलिशने पूर्ण केला.

हे टाइप करताना कीबोर्डवर धूळ बसतेय. ऊन ठिपक्यापासून वीतभर लांब आहे, आणि नाना खुर्चीत येऊन बसलेत... चला, लॅपटॉप बंद करते. आज चहा गरम असतानाच प्यायचाय.